प्रसूतिदिनगणना

गर्भवती स्त्रीच्या शेवटच्या ऋतुस्रावाच्या (पाळीच्या) तारखेवरून तिची प्रसूती कोणत्या सुमारास होईल हे ठरविण्याच्या रीतीला प्रसूतिदिनगणना म्हणतात. शेवटच्या पाळीच्या पहिल्या दिवसापासून २८० दिवस, म्हणजे ४० आठवडे, धरण्याची पद्धत आज जगभर रूढ आहे. त्या तारखेत नऊ महिने व सात दिवस मिळविले, किंवा तीन महिने वजा करून सात दिवस मिळविले, की अपेक्षित तारीख मिळते. उदा., शेवटची पाळी १० जूनला सुरू झाली असेल, तर प्रसूती पुढील वर्षाच्या १७ मार्चच्या सुमारास अपेक्षित असते. हा नियम जर्मन प्रसूतितज्ञ फ्रांट्स कार्ल नेगेले यांच्या नावाने ओळखला जातो. नियम सोपा आहे व आडाखा म्हणून उपयुक्तही आहे. मात्र एका स्थूल अनुमानातून तो निश्चित तारखेच्या स्वरूपात कसा रूढ झाला, याचा इतिहास बराच गुंतागुंतीचा आहे.

या गणनेतील मूळ अडचण अशी की, गर्भधारणेचा क्षण कोणालाच दिसत नाही. ऋतुस्राव मात्र दिसतो. म्हणून जे मोजावयाचे ते सोडून जे दिसते तेथून मोजणी सुरू करावी लागते. पाळी सुरू झाल्यापासून सामान्यतः दोन आठवड्यांनी अंडमोचन (अंडकोशातून अंड बाहेर पडणे) होते. त्यामुळे ज्या चाळीस आठवड्यांना आपण गर्भावधी म्हणतो, त्यांतील पहिले दोन आठवडे गर्भ अस्तित्वातच नसतो. मराठी भाषेने मोजणीची ही सवय शब्दांतच साठवून ठेवली आहे. ‘दिवस गेले’, ‘दिवस भरत आले’, ‘कितवा महिना’ हे सर्व प्रयोग गर्भाविषयी नव्हे, तर मोजणीविषयी आहेत.

प्राचीन काळी गर्भावधी हा एकच एक आकडा मानला जात नसे. मनुष्येतर प्राण्यांचा गर्भकाल ठराविक असतो, पण स्त्रिया सातव्या महिन्यापासून दहाव्यापर्यंत व क्वचित अकराव्या महिन्यातही प्रसूत होतात, असे ॲरिस्टॉटल यांनी लिहून ठेवले आहे. हिपॉक्राटीझ यांच्या नावावर मोडणाऱ्या ग्रंथसंग्रहात मात्र संख्यांची आवड अधिक दिसते. चाळीस दिवसांचा एक असे सात खंड मिळून २८० दिवस होतात, असे त्यांत मांडले आहे. म्हणजे आजचा आकडा तेथेही आढळतो. पण तो निरीक्षणातून आला की सात व चाळीस या संख्यांच्या माहात्म्यातून आला, हे सांगणे कठीण आहे. सातव्या महिन्यातील मूल जगते व आठव्यातील जगत नाही, ही समजूतही त्याच संग्रहात सविस्तर आहे.

सुश्रुतसंहितेत प्रसूतीचा काळ नववा, दहावा, अकरावा किंवा बारावा महिना असा प्रशस्त सांगितला आहे. चरकसंहितेत तो नवव्या महिन्याच्या आरंभापासून दहाव्यापर्यंत असा आखडता आहे. आठव्या महिन्यात ओज अस्थिर असते, ते मातेकडून गर्भाकडे व गर्भाकडून मातेकडे जात राहते. म्हणून त्या महिन्यातील जन्म अनिष्ट, अशी आयुर्वेदाची उपपत्ती आहे. ग्रीक व भारतीय अशा दोन्ही परंपरांना आठवा महिना अशुभ वाटावा हा योगायोग लक्षणीय आहे. वास्तविक गर्भ जितका अधिक काळ पोटात राहील तितकी त्याची जगण्याची शक्यता वाढते. आठव्या महिन्यातील मूल सातव्यातील मुलापेक्षा निश्चितच अधिक सबळ असते. असे असूनही ही समजूत महाराष्ट्रातील घराघरांतून अगदी अलीकडेपर्यंत टिकून होती. गर्भधारणेस योग्य असा ऋतुकाल सुश्रुतांनी बारा रात्रींचा, तर मनुस्मृतीने सोळा रात्रींचा मानला आहे. दोन्ही ठिकाणी तो ऋतुस्रावापासूनच मोजलेला असून पाळीच्या आरंभीच्या रात्री वर्ज्य ठरविल्या आहेत.

मराठी बोलीतील ‘नऊ महिने नऊ दिवस’ या आकड्याची परीक्षा करून पाहण्यासारखी आहे. इंग्रजी महिने धरले तर पाळीच्या पहिल्या दिवसापासून हा काळ सु. २८३ दिवसांचा होतो, म्हणजे नेगेले यांच्या नियमाच्या अगदी जवळ जातो. पण ही म्हण इंग्रजी दिनदर्शिकेची नव्हे. चांद्रमास सरासरी २९·५३ दिवसांचा असतो. नऊ चांद्रमास म्हणजे सु. २६६ दिवस, आणि गर्भधारणेपासून प्रसूतीपर्यंतचा सरासरी काळ आज नेमका इतकाच मानतात. पाळीपासून नऊ चांद्रमास व नऊ दिवस धरले, तर बेरीज २७५ येते. चूक चारपाच दिवसांचीच राहते. अधिक मास आला की मात्र हिशेब कोसळतो. २०२३ मध्ये श्रावण अधिक होता. त्या वर्षी गुढीपाडव्याला, म्हणजे २२ मार्चला, पाळी आलेल्या स्त्रीची अपेक्षित तारीख नेगेले यांच्या नियमाने २९ डिसेंबर येते. तिने किंवा तिच्या सासूने चैत्र, वैशाख, ज्येष्ठ अशी नावे बोटांवर मोजून नऊ महिने व नऊ दिवस धरले असतील, तर ती तारीख पौषात, जानेवारीच्या तिसऱ्या आठवड्यात पडते. फरक तीन आठवड्यांहून अधिक आहे. ‘पाळी पोळ्याला आली होती’ किंवा ‘दिवाळीच्या पाडव्याला’ असे सांगणाऱ्या स्त्रीची तारीख सणावरून पंचांगात शोधणे हे बहुधा अचूक ठरते, कारण सण स्मरणात पक्का राहतो. पुढील महिने मात्र नावांनी न मोजता दिवसांनी मोजावे लागतात.

यूरोपात या प्रश्नाला धर्माची व कायद्याची अशी दोन्ही अंगे होती. रक्ताभिसरणाचा शोध लावणारे विल्यम हार्वी यांनी १६५१ साली प्रसिद्ध झालेल्या आपल्या प्राणिजननविषयक ग्रंथात आदर्श गर्भावधी म्हणून येशू ख्रिस्तांचा काळ दिला आहे. मार्चमधील दूतसंदेशाच्या सणापासून डिसेंबरमधील नाताळपर्यंत, म्हणजे २७५ दिवस, असा तो काळ होय. पण त्याच ठिकाणी त्यांनी एक अधिक मोलाची नोंद केली आहे. पाळीचा दिवस ध्यानात ठेवणाऱ्या जाणत्या स्त्रिया दहा चांद्रमास मोजतात, ज्या दिवशी एरवी पाळी यावयाची त्याच दिवशी प्रसूत होतात व क्वचितच चुकतात, असे ते लिहितात. येथे चांद्रमास अठ्ठावीस दिवसांचा धरलेला आहे. दहा अठ्ठावीस दोनशे ऐंशी हा हिशेब डॉक्टरांच्या आधी स्त्रियांना ठाऊक होता, याची ही स्पष्ट साक्ष आहे.

नियमाचे वैद्यकीय स्वरूप नेदर्लंड्समधील लायडन विद्यापीठाचे विख्यात अध्यापक हेर्मान बूरहाव्हे (१६६८–१७३८) यांच्यापासून सुरू होते. त्यांची व्याख्याने त्यांच्या मृत्यूनंतर त्यांचे शिष्य आल्ब्रेख्ट फोन हालर यांनी संपादून प्रसिद्ध केली. त्यांतील १७४४ च्या भागात हा विचार आढळतो. स्त्रिया बहुधा पाळी संपल्यानंतर लगेच गर्भवती होतात, असे बूरहाव्हे यांचे मत होते. शेवटच्या पाळीनंतर एक आठवडा मोजून तेथून नऊ महिने धरले, तर फ्रान्समधील निरीक्षणांनुसार शंभरांतील नव्याण्णव जन्म या हिशेबात बसतात, असे त्यांनी नमूद केले. शंभरांत नव्याण्णव हा आकडा आजच्या कोणाही प्रसूतितज्ञास हसू आणील. तथापि नियम टिकला, आणि तो टिकण्याचे कारण मोठे मौजेचे आहे. बूरहाव्हे यांनी गर्भधारणा एक आठवडा अगोदर मानली आणि गर्भधारणेनंतरचा काळ सु. एक आठवडा अधिक धरला. दोन चुका परस्परविरुद्ध दिशांच्या असल्याने एकमेकींना खाऊन गेल्या व उत्तर बरोबर आले.

नेगेले (१७७८–१८५१) हे हायडल्बर्ग येथे प्रसूतिशास्त्राचे प्राध्यापक होते. १८१२ च्या आपल्या ग्रंथात आणि पुढे १८३० मध्ये सुइणींसाठी लिहिलेल्या पाठ्यपुस्तकात त्यांनी बूरहाव्हे यांच्या मताच्याच आधारे हा नियम सांगितला. नवे मोजमाप त्यांनी केले नव्हते. त्यांची कामगिरी वेगळी होती : नियम सुइणीला तोंडपाठ करता यावा अशा रूपात त्यांनी मांडला. सुइणीला लांबलचक बेरीज करावयाची नसे. तीन महिने मागे, सात दिवस पुढे, एवढेच तिला लक्षात ठेवावयाचे होते. नियमाला त्यांचे नाव चिकटले ते बहुधा त्यामुळेच.

मात्र एक गोष्ट संदिग्ध राहिली. मोजणी पाळीच्या पहिल्या दिवसापासून करावयाची की शेवटच्या, हे बूरहाव्हे व नेगेले या दोघांच्याही लेखनातून स्पष्ट होत नाही. एकोणिसाव्या शतकातील काही पाठ्यपुस्तकांनी पाळी संपल्याच्या दिवसापासून सात दिवस मोजले. विसाव्या शतकात अमेरिकन पाठ्यपुस्तकांच्या द्वारे पहिला दिवस रूढ झाला, आणि पुढे सर्वांनी तोच मूळ नियम मानला. स्राव चारपाच दिवस चालतो, तेव्हा फरकही तितकाच पडतो. फरक लहान दिसतो, पण बेचाळीस आठवडे ओलांडले म्हणून कळा कृत्रिम रीत्या सुरू करावयाच्या की वाट पाहावयाची, हा निर्णय कधीकधी याच चारपाच दिवसांवर येऊन ठेपतो. शिवाय महिने सारखे नसल्याने खुद्द नियमही नेहमी २८० दिवस देत नाही. १ जानेवारीपासून (लीप वर्ष सोडून) मोजल्यास २८० आणि १ मेपासून मोजल्यास २८३ दिवस होतात.

एकोणिसाव्या शतकात शरीरक्रियाविज्ञानाने या गणनेला आधार देण्याऐवजी तिला अधिकच गोंधळात टाकले. कार्ल एर्न्स्ट फोन बेअर यांनी १८२७ मध्ये सस्तन प्राण्यांचे अंड प्रथम पाहिले. पण स्त्रीचा ऋतुस्राव म्हणजे कुत्री वगैरे प्राण्यांच्या माजासारखाच प्रकार असून अंडमोचन त्याच वेळी होते, असा समज पुढे पसरला. त्यानुसार दोन पाळ्यांमधला काळ गर्भधारणेच्या दृष्टीने निर्धोक ठरला, आणि प्रत्यक्षात सर्वांत फलनक्षम काळ तोच होता. ही चूक दुरुस्त होण्यास विसावे शतक उजाडावे लागले. जपानमधील नीगाता येथील क्यूसाकू ओगिनो यांनी १९२४ मध्ये आणि ऑस्ट्रियन वैद्य हेर्मान क्नाउस यांनी १९२८ च्या सुमारास परस्परांपासून स्वतंत्रपणे दाखवून दिले की, अंडमोचन मागील पाळीशी नव्हे, तर पुढील पाळीशी बांधलेले असते. ते पुढील पाळीच्या सु. दोन आठवडे आधी होते. यातून प्रसूतिदिनगणनेतील एक मोठा दोष उघड झाला. ज्या स्त्रीचे ऋतुचक्र ३५ दिवसांचे आहे, तिचे अंडमोचन चौदाव्या नव्हे, तर एकविसाव्या दिवसाच्या सुमारास होते. म्हणून तिच्या तारखेत आणखी सात दिवस मिळविले पाहिजेत. नेगेले यांच्या नियमात सर्व स्त्रियांचे चक्र अठ्ठावीस दिवसांचे गृहीत धरलेले आहे. भारतीय वैद्य राकेश पारीख यांनी २००७ मध्ये सुचविलेल्या सूत्रात ही दुरुस्ती नियमातच समाविष्ट आहे. शेवटच्या पाळीच्या तारखेत नऊ महिने आणि चक्राच्या दिवसांतून २१ वजा करून येणारी संख्या मिळवावी, असे ते सूत्र आहे. चक्र अठ्ठावीस दिवसांचे असल्यास ही संख्या सात येते व जुना नियमच हाती लागतो.

जन्मांच्या मोठ्या नोंदी उपलब्ध झाल्यावर सरासरीही तपासली गेली. स्वीडनमधील चार लाखांहून अधिक एकल जन्मांचा १९९० मध्ये प्रसिद्ध झालेला अभ्यास पाळीपासूनचा मध्य २८२ दिवस दाखवितो. त्याच वर्षी अमेरिकेत मिटेनडॉर्फ व त्यांचे सहकारी यांनी गुंतागुंत नसलेल्या गौरवर्णीय प्रथम गर्भवतींत हा मध्य २८८ दिवस, तर आधी प्रसूत झालेल्या स्त्रियांत २८३ दिवस असल्याचे नोंदविले. पहिलटकरणीचे मूल ‘तारखेला येत नाही’ या सुइणींच्या अनुभवाशी हे जुळते. सरासरीपेक्षा पसारा अधिक महत्त्वाचा आहे. लघवीतील संप्रेरकांवरून अंडमोचनाचा दिवस निश्चित केलेल्या १२५ गर्भधारणांचा एक अभ्यास २०१३ मध्ये प्रसिद्ध झाला. त्यात अंडमोचनापासून जन्मापर्यंतचा मध्य २६८ दिवस आढळला. अकाल प्रसूती वगळूनही सर्वांत लहान व सर्वांत दीर्घ गर्भावधींत ३७ दिवसांचे अंतर होते. म्हणजे आरंभ अचूक कळला तरी शेवट अचूक कळत नाही. सांगितलेल्या तारखेलाच जन्मणारी मुले शंभरांत चारपाचच असतात. वैद्यकात ३७ पूर्ण आठवड्यांपासून ४२ आठवड्यांच्या आतील प्रसूती पूर्ण दिवसांची मानतात, ती याच कारणाने.

न्यायालयांपुढे हा पसारा वारंवार आला आहे. पतीच्या मृत्यूनंतर दहा महिन्यांच्या आत जन्मलेले मूल रोमन कायदा औरस मानी. सम्राट हेड्रिअन यांनी अकराव्या महिन्यातील एका मुलासही औरस ठरविल्याचे ऑलस जेलिअस यांनी नमूद केले आहे. फ्रान्सच्या १८०४ च्या दिवाणी संहितेने १८० ते ३०० दिवस अशी मर्यादा घातली. इंग्लंडने मात्र आकडा निश्चित केला नाही. १८२५ च्या सुमारास गार्डनर सरदारकीच्या वारसाचा वाद उमरावांच्या सभेपुढे आला. पती समुद्रप्रवासास निघाल्यानंतर तीनशेहून अधिक दिवसांनी जन्मलेले मूल त्याचे असू शकते काय, यावर अनेक नामांकित डॉक्टरांच्या साक्षी झाल्या व त्यांची मते परस्परविरोधी निघाली. १९२१ मध्ये एका घटस्फोटाच्या दाव्यात इंग्लिश न्यायालयाने ३३१ दिवसांचा काळ अशक्य नसल्याचे मानून पत्नीला निर्दोष ठरविले. १९५१ मध्ये ३६० दिवसांचा काळ मात्र अमान्य झाला.

भारतात जेम्स फिट्सजेम्स स्टीव्हन यांनी मसुदा केलेल्या १८७२ च्या पुरावा अधिनियमाच्या कलम ११२ मध्ये २८० दिवसांचा आकडा आला. विवाह संपुष्टात आल्यापासून २८० दिवसांच्या आत जन्मलेले मूल, माता अविवाहित राहिली असल्यास, औरस असल्याचा तो निर्णायक पुरावा मानला गेला. येथे प्रसूतिशास्त्राचा आकडा त्याच्या मूळ अर्थापासून सुटून कायद्यात शिरला आहे. वैद्यांचे २८० दिवस पाळीपासून मोजलेले, तर कायद्याचे पतीच्या मृत्यूपासून किंवा घटस्फोटापासून मोजलेले आहेत. गर्भधारणेपासूनची सरासरी २६६ असल्याने कायद्याने नकळत सु. दोन आठवड्यांची सवलत दिली; परंतु वर सांगितलेला पसारा पाहता तीही सर्व विधवांना पुरेशी नाही. २८१ व्या दिवशी जन्मलेले मूल त्यामुळे अनौरस ठरत नाही. निर्णायक पुराव्याचे संरक्षण तेवढे जाते व औरसपण अन्य पुराव्याने सिद्ध करावे लागते. भाऊबंदकीच्या वाटणीत एखाद्या विधवेला हा भेद केवढा महाग पडू शकतो, हे वेगळे सांगावयास नको. १ जुलै २०२४ पासून अंमलात आलेल्या भारतीय साक्ष अधिनियमाच्या (२०२३) कलम ११६ मध्येही २८० हाच आकडा कायम आहे.

पाळीची तारीख आठवत नसेल, किंवा मूल अंगावर पीत असताना पाळी न येताच गर्भ राहिला असेल, तर पूर्वी गर्भाची पहिली हालचाल व गर्भाशयाची उंची यांवर विसंबावे लागे. हालचाल बहुधा पाचव्या महिन्याच्या आसपास जाणवते, पण पहिलटकरणीस ती उशिरा ओळखू येते. ग्लासगो येथे इअन डोनाल्ड यांनी १९५८ मध्ये श्राव्यातीत ध्वनीने पोटातील गर्भ पाहण्याची रीत प्रसिद्ध केली. तिलाच लोकव्यवहारात सोनोग्राफी म्हणतात. तेथेच ह्यू रॉबिन्सन यांनी १९७३ मध्ये पहिल्या तिमाहीतील गर्भाची डोक्यापासून ढुंगणापर्यंतची लांबी मोजून वय ठरविण्याची पद्धत दिली. या पद्धतीतील चूक सु. पाच दिवसांची असते. गर्भ जसजसा वाढतो तसतसा प्रत्येकाच्या आकारात फरक पडत जातो. म्हणून शेवटच्या तिमाहीत हीच चूक तीन आठवड्यांपर्यंत जाते. उशिरा केलेल्या तपासणीवरून आधीची तारीख बदलणे म्हणूनच अयोग्य होय. लहान चणीच्या पण निरोगी गर्भाचे आणि वाढ खुंटलेल्या गर्भाचे वय तशाने सारखेच कमी दाखविले जाते व धोक्याची सूचना हातची जाते. वैद्यकीय गर्भपाताच्या कायद्यातील २० व २४ आठवड्यांच्या मर्यादा (२०२१ ची दुरुस्ती) याच वयावर अवलंबून असल्याने पहिल्या तीन महिन्यांत नोंदणी व तपासणी होण्याला वैद्यकाबाहेरही महत्त्व आहे.

यंत्राने पाळीची गणना कालबाह्य केली, असे म्हटले जाते, ते अर्धेच खरे आहे. रॉबिन्सन यांची कोष्टके ज्या स्त्रियांवरून तयार झाली त्यांना आपल्या पाळीची तारीख खात्रीने ठाऊक होती. यंत्राची पट्टी त्यांच्या स्मरणावरूनच आखली गेली. शिवाय ती पट्टी यूरोपीय स्त्रियांवरून आखलेली होती. गुरुग्राम येथील शासकीय रुग्णालयात नोंदविलेल्या गर्भवतींच्या मोजमापांवरून फरीदाबाद येथील संशोधन संस्थेने अलीकडे भारतीय स्त्रियांसाठी स्वतंत्र सूत्र तयार केले आहे. प्रयोगशाळेत फलन घडवून आणले जाते तेव्हा तर गर्भधारणेचा दिवस घड्याळासह माहीत असतो. तरीही अशा गर्भाचे वय लिहिताना त्या दिवसातून चौदा दिवस वजा करतात आणि प्रत्यक्षात कधी न आलेल्या पाळीची एक तारीख कल्पून तेथून चाळीस आठवडे मोजतात.